खालच्या गावाची अष्टमी

नवापूरच्या गोमाचे कान गावाच्या मालकीचे होते. तो वाटेने निघाला की बोंबील वाळत घालणाऱ्या बायका आपापल्या पोरांना गप करत. तसं कुणी ठरवून दिलेलं नव्हतं, पण मचव्यांवर मासेमारी करणाऱ्या सगळ्या घरांचं पोट त्या दोन कानांवर चालायचं, तेव्हा त्यांना उगाच ताप नको एवढंच. गोमा स्वतः साधा, किडकिडीत माणूस. कमरेला रुमाल, डोक्याला टोपी, आणि बोलायला महाकंजूष. दोन शब्दांत भागत असेल तर तिसरा खर्च करायचा नाही.

घोळ मासळी बोलते, हे नवापुरात कुणाला पटवून द्यावं लागत नसे. भांगाच्या दिवसांत, म्हणजे अष्टमीच्या आसपास, समुद्राचा जोर ओसरतो. भरदुपारी ओहोटी संपते आणि पाणी घटकाभर जागच्या जागी थबकतं. तेवढ्या वेळात गोमा आपली छोटी होडी पुढे काढायचा, वल्ह्याचं पातं पाण्यात सोडायचा, दांड्याच्या टोकाला उजवा कान टेकायचा आणि श्वास रोखायचा. खाली घोळीचा थवा असला की दांड्यातून गुरगुर वर येते, शेजारच्या घरात कुणी जात्यावर भरडत असावं तशी. मग गोमा हात वर करून दिशा दाखवायचा आणि मागून येणारा मचवा तिकडे जाळं सोडायचा. हे काम त्याच्या बापाचं, भिकाचं, आणि भिकाच्याही बापाचं.

भिकाने पोराला कानाबरोबर एक गोष्टही दिली होती. तो म्हणायचा, "दर्याला वरसं नसतात रे. त्याला पंधराच दिस हायत. पंधरा झाले की परत पयल्यापासून सुरू." म्हणून तर आजच्या अष्टमीला पाणी ज्या वेळी थबकतं त्याच वेळी ते पुढच्या अष्टमीलाही थबकतं, आणि ते पाहायला कुणाला घड्याळ लागत नाही.

त्या पंधरा दिवसांच्या तळाशी एक गाव होतं. सगळे त्याला खालचं गाव म्हणत. वरचा आवाज पाण्यात पडला की तो विरत नाही, खाली जाऊन बसतो, आणि जिथे बसतो तिथे वस्तू होऊन उभा राहतो. सुताराच्या वाकसाचा आवाज पडला की फळी होते, मुसळाचा पडला की अंगण होतं, बाईच्या हसण्याचं दार होतं. तिथे ऊन नाही. शंख वाजला की सकाळ, आणि जाळं ओढतानाची हाक उठली की दुपार. एका अष्टमीला जे वाजलं असेल ते दर अष्टमीला पुन्हा तसंच वाजतं, नवमीचं नवमीला. कुणी म्हातारं होत नाही, कारण तिथला पंधरवडा कधी सरत नाही. जे दर्यात गेले आणि सापडले नाहीत, ते तिथे आपल्या शेवटच्या आवाजाच्या आत राहतात. शाळेतले मास्तर या गोष्टीला हसायचे. मास्तरांचं कुणी दर्यात गेलेलं नव्हतं, त्यांना हसायला काय जातंय.

ज्याचं प्रेत किनाऱ्याला लागलं नाही, त्याच्या बायकोच्या बांगड्या लगेच उतरवायच्या नाहीत असा गावचा रिवाज होता. पुढच्या भांगाला ऐकणाऱ्याने नारळ घेऊन होडी काढायची आणि वल्ह्याला कान लावायचा. माणूस ऐकू आला तर नारळ सबंध पाण्यात सोडायचा. बाईचं कुंकू आणखी पंधरा दिवस राहिलं. ऐकू आला नाही तर नारळ होडीच्या कडेवर फोडायचा आणि किनाऱ्यावर येऊन दोन शब्द बोलायचे, "गप झाला." मग बांगड्या, मग तेरावं, मग पुढचं आयुष्य. त्या पुढच्या आयुष्यात दुसरा पाटही यायचा, कारण तरण्या विधवेने कोपऱ्यात कुढत बसावं असं या लोकांत कुणी म्हणत नसे.

मरायच्या वर्षी भिकाने गोमाला होडीत बसवलं आणि या कामातली खरी गोम सांगितली. "पयल्या भांगाला मानूस ऐकू आला म्हनायचं. दुसऱ्याला बी म्हनायचं. घरच्यांना तेवढा येळ लागतो. तिसऱ्याला गप करायचा. काय बी झालं तरी तिसऱ्याला गप करायचा."

गोमा तेव्हा विशीतला. त्याने विचारलं, "पन खरंच ऐकू येतो का?"

भिकाने वल्हं आत घेतलं. "येतो," तो म्हणाला. "पन किती दिस येऊ द्यायचा ते आपल्या हातात हाय."

गोमाने आयुष्यात सात माणसं अशी गप केली. झुंबरच्या नवऱ्याला गप केला तेव्हा ती त्याच्या अंगावर मूठभर वाळू फेकून ओरडली होती. दोन वर्षांनी तीच झुंबर दुसऱ्या घरचं मूल काखेला मारून आली आणि त्याच्या दारात चार पापलेटं ठेवून गेली. गोमाला बापाचं म्हणणं त्या दिवशी पुरतं कळलं.

गोमाची बायको लवकर गेली. मागे एकच मुलगा, एकनाथ. पुढचा दात होडीच्या कडेवर आपटून तुटलेला, म्हणून त्याची शीळ कायम फुसकी निघायची आणि तरी तो दिवसभर घालत असायचा. त्रेसष्ट साली त्याचं लग्न झालं. वत्सला दांडी गावची, आईबाप नसलेली, उमरोळीच्या बाजारात मासळी विकणाऱ्या गोजराबाई मावशीने वाढवलेली. तिच्या येण्याने घराला कंठ फुटला. ती भाकरी थापायची ती चार घरांपलीकडे ऐकू जायची, आणि भांडी घासताना तर जणू लढाई. सासऱ्याला ती मामा म्हणे. गोमाच्या कानांचा मान तिने कधी ठेवला नाही, आणि गोमाला तेच आवडायचं.

त्याचे दोन्ही कान दोन पावसाळे वाहत होते. लसणीचं तेल घालून तो गप्प बसला. लोक हल्ली पुटपुटत बोलतात, असं त्याला वाटायचं. तारापूरकडे तेव्हा बिजलीघराचं मोठं काम निघालं होतं आणि रोज संध्याकाळी सुरुंग उडायचे. पासष्टच्या उन्हाळ्यात एके दिवशी तो अंगणात जाळं सांधत बसला होता. अचानक माडांवरचे सगळे कावळे एकदम उठले, कुत्रं खाटेखाली घुसलं, आणि वत्सलाने दोन्ही कानांवर हात ठेवून हसत त्याच्याकडे पाहिलं. गोमाला फक्त पायांच्या तळव्यांखाली जमीन थरथरल्याची जाणीव झाली. बाकी काही नाही. तोही हसला, कारण हसणं भागच होतं.

ही गोष्ट त्याने कुणाला सांगितली नाही. ऐकणारा बहिरा झाला म्हणजे सुताराचे हात गेले. आणि सुताराला निदान लोक बसवून खाऊ तरी घालतात. गोमाने एक युक्ती काढली. तो बोलायला लागला. समोरच्याला वाव द्यायचाच नाही, म्हणजे त्याचं काही ऐकायची वेळ येत नाही. आयुष्यभर शब्द जपून वापरणारा माणूस ओटीवर बसून तासन्‌तास बोलतो याची गावाला गंमत वाटली. म्हातारपणी काहींचं असं होतं म्हणून त्यांनी सोडून दिलं.

नारळी पौर्णिमेनंतर मचवे पुन्हा बाहेर पडले तेव्हा त्याने दुसरी युक्ती केली. दर्याला पंधराच दिवस असतात. मग मागच्या वर्षी ज्या तिथीला घोळ जिथे होती, तिथेच ती यंदाही असणार. भिकाने शिकवलेलं खोटं कसं असेल? गोमा वल्ह्याला कान टेकायचा, डोळे मिटून गेल्या वर्षीची ती तिथी आठवायचा आणि हात वर करायचा. श्रावणात घोळ मिळाली. भाद्रपदात थोडी मिळाली. त्याची भीड चेपली.

अश्विनातल्या वद्य अष्टमीला त्याने हात वर केला तो समुद्रातल्या कातळाच्या पलीकडे. गेल्या वर्षी तिथे जाळं उचलवत नव्हतं इतकी घोळ लागली होती. एकनाथ आणि त्याचे दोन साथीदार मचवा घेऊन तिकडे गेले आणि गोमा होडी वळवून घरी आला. तिथे काहीच नव्हतं. पण बापाचा कान कधी चुकलेला नाही, म्हणून एकनाथ जाळं टाकून संध्याकाळच्या भरतीपर्यंत थांबून राहिला. भरतीने कातळ झाकला, वाऱ्याने तोंड फिरवलं आणि मचवा कातळावर आपटून फुटला. वारा फिरायच्या आधी कातळाखालचं पाणी घुटके घेतं, आणि ते वल्ह्यातून घटका-दोन घटका आधी कळतं. ज्याला कळायला हवं होतं तो घरी ओटीवर बसून शेजाऱ्याशी बोलत होता. दोघे साथीदार दुसऱ्या सकाळी फळीला धरून तरंगताना सापडले. एकनाथ सापडला नाही.

गोमाला कुणी बोल लावला नाही. दर्याला शिव्या देऊन गाव मोकळं झालं, आणि तेच त्याला सोसवेना.

दिवाळी अंधारात गेली. कार्तिकातल्या शुद्ध अष्टमीला गोमा नारळ घेऊन गेला. वल्ह्यातून काही येत नव्हतं. घोळ नाही, कातळ नाही, स्वतःच्या छातीचा ठोकासुद्धा नाही. त्याने नारळ सबंध पाण्यात सोडला आणि किनाऱ्यावर येऊन म्हणाला, "हाय." वत्सला गुडघाभर पाण्यात उभी होती. आजवर एवढं ऐकून बायका रडत घरी जात. ही गेली नाही.

"काय करत व्हता?" तिने विचारलं.

बोलायची सवय लागलेला माणूस. त्याच्या तोंडून निघून गेलं, "जाळं वढत व्हता. शीळ घालत व्हता."

"फुसकी?"

"फुसकीच."

वत्सला हसली आणि मग तोंडावर पदर धरून तिथेच पाण्यात बसली.

तिसरी अष्टमी मार्गशीर्षात आली. गोमाने नारळ कडेवर आपटायला हात उचलला आणि तो हात तसाच राहिला. सात जणांना गप करताना त्याच्याजवळ कान होता. निदान आपण काय गप करतोय हे त्याला ठाऊक असायचं. आता एकनाथ खाली खरंच हाक मारत असेल तर? बहिऱ्या बापाने कुठल्या तोंडाने म्हणायचं की तो गप झाला? आणि मला ऐकू येत नाही हे गावाला सांगायचं, तर त्या अष्टमीला मी काय ऐकून हात दाखवला हेही सांगावं लागणार. यातलं कुठलं कारण मोठं होतं, हे त्याला पुढे कधीच नक्की सांगता आलं नाही. त्याने नारळ सोडून दिला. नारळ हलत हलत लांब गेला.

मग दर पंधरा दिवसांनी तेच होऊ लागलं. तीच वेळ, तेच थबकलेलं पाणी, गुडघाभर पाण्यात तीच बाई. तिच्या ओठांवरून त्याला तिचं बोलणं कळायचं. एकाच तोंडाकडे इतके दिवस बघत राहिलं की माणूस शिकतो. ती पाठमोरी असली की तो आपणच काहीतरी बोलत सुटायचा.

"तिथं राहतो कुटं?" एकदा तिने विचारलं.

"मचव्यातच," गोमा म्हणाला.

दुसऱ्या दिवशी ओहोटीला मुसळ आणि सूपभर भात घेऊन ती पाण्याच्या कडेला गेली आणि कातळातल्या खळग्यात कांडत बसली. पुढच्या भांगाला तिने विचारलं, "अंगन झालं का?" गोमाला झालं म्हणावंच लागलं. मग ती परात घेऊन गेली आणि पाण्याला ऐकू जाईल अशा भाकऱ्या थापून आली. मग दोन दगड एकमेकांवर आपटून चूल मांडली. जुन्या मोडक्या होडीची फळी कुऱ्हाडीच्या पाठीने ठोकून ठोकून भिंती केल्या. हाताला फोड आले. गोमा सांगायचा आणि ती बांधायची. ती बांधायची म्हणून त्याला पुढचं सांगावं लागायचं. तिकडचं घर असं उभं राहत गेलं आणि इकडच्या घरात भांड्याचाही आवाज होईना. सगळे आवाज ती तिकडे नेऊन टाकायची. शेजारणी दाराशी कान देऊन ऐकायच्या आणि एकमेकींकडे बघायच्या, त्यावरून गोमाने ते ताडलं. त्याला स्वतःला फरक कळायचा नाही, आणि याचीच त्याला जास्त लाज वाटायची.

सदुसष्टच्या पावसाळ्यानंतर ती किनाऱ्यावर बसून रिकाम्या मांडीवर हात हलवत काहीतरी म्हणू लागली. गोमाने दुरून पाहिलं आणि जवळ जाऊन तिचे ओठ वाचले. पाळणा होता.

पुढच्या अष्टमीला तो होडीतून उतरला तेव्हा तिचं तोंड उजळलेलं होतं. "पोराचा आवाज आला?"

इथे नाही म्हणायला हवं होतं. हे त्याला त्या क्षणीही कळत होतं. पण ते उजळलेलं तोंड विझवायचं धैर्य त्याच्यात नव्हतं. भित्रा माणूस दयाळू दिसतो तो असाच.

"आला," तो म्हणाला. "रडत व्हता. मंग एकनाथनं शीळ घातली तवा गप राहिला."

अडुसष्ट सालापर्यंत चार मचव्यांना इंजिन बसलं. इंजिनाच्या धडधडीत वल्ह्याला कान लावायचं कुणाला सुचणार? घोळीसाठी गोमाला कुणी बोलवेना आणि त्याचं बहिरेपण आपोआप झाकलं गेलं. त्याच्यापाशी आता एकच काम उरलं, महिन्यातून दोनदा जाऊन खोटं बोलायचं. पाण्याखालचं पोर महिन्याभराचंच राहिलं, कारण तिथे कुणी वाढत नाही. वर वत्सला पंचविशीची झाली होती आणि दिसायची चाळिशीची.

त्या हिवाळ्यात गोमाची होडी दुरुस्त करायला कमलाकांत आला. हा मुरबे गावचा, होड्यांचा सुतार. बायको बाळंतपणात गेलेली, मूलबाळ नाही. बोईसरला नव्या चाळी उठत होत्या तिथे तो दारं-खिडक्या बसवायचा. चार दिवस तो अंगणात रंधा मारत होता. तिसऱ्या दिवशी वत्सला त्याला पाणी द्यायला गेली. तो काहीतरी बोलला आणि वत्सला हसली. गोमाने ते दारातून पाहिलं. कोरड्या जमिनीवर उभी राहून, हाताशी असलेल्या माणसाशी बोलताना ती हसली होती. तीन वर्षांत पहिल्यांदा. आपण काय करून ठेवलंय ते गोमाला त्या हसण्यात स्पष्ट दिसलं.

महिन्याभराने गोजराबाई उमरोळीहून आली. तिने गोमाला ओटीवर समोर बसवलं आणि तोंडाशी तोंड नेऊन बोलली, कारण तिला त्याच्या कानांचा केव्हाच संशय आला होता.

"कमलाकांत पाट लावाया तयार हाय. शिमग्यापर्यंत थांबतो म्हनला. पोरगी म्हनते, माजा नवरा हाय. मेलेल्याशी मानूस भांडंल, जित्याशी बी भांडंल. ह्यो तुमचा कोन हाय, ते तरी सांगा."

गोमाने मान खाली घातली. "माघाच्या अष्टमीला गप करतो," तो म्हणाला.

माघातली शुद्ध अष्टमी लख्ख उन्हाची निघाली. गोमा होडी घेऊन गेला. पाणी थबकलं. या खेपेला त्याने वल्ह्याला कानसुद्धा लावला नाही. मनातल्या मनात पोराची माफी मागितली आणि नारळ कडेवर आपटला. त्यातलं पाणी समुद्रात सांडलं. तो परतला तेव्हा वत्सला नेहमीच्या जागी उभी होती, आणि मागे बोंबील वाळत घालायच्या वलांडीपाशी गोजराबाई आणि कमलाकांत थांबले होते.

"गप झाला," गोमा म्हणाला.

वत्सलाने त्याच्या हातातल्या नारळाच्या दोन कवडांकडे पाहिलं, मग त्याच्याकडे.

"दोघंबी?" तिने विचारलं.

महिनाभर त्याने मनाची तयारी केली होती. ती रडेल, वाळू फेकील, छाती बडवील, सगळ्याला उत्तर होतं. या एका शब्दाला नव्हतं. तो ओल्या वाळूत बसला आणि एकदाचं सगळं सांगून टाकलं.

"बाय, मला ऐकू येत नाय. आज नाय, कवाच आलं नाय. कान गेले ते एकनाथ जायच्या आदी. त्या दिसाला बी मी काय ऐकलं नवतं. मागल्या वरसाचं आठवून हात दाखवला आन पोराला धाडला. नंतर तुला सांगितलं ते समदं तोंडाचं. घर नाय, अंगन नाय, पोर नाय. तिथं कोन नाय, बाय. तू जा. तो भला मानूस हाय, तू जा त्याच्या संगं."

ती खूप वेळ त्याच्या कानांकडे बघत राहिली. मग त्याला वळसा घालून मागे गेली. वाळूवर तिची सावली हलली, मानेवर तिचा श्वास लागला. ती मागून काहीतरी बोलली असणार. गोमा वळला नाही, कारण त्याला काही कळलंच नाही. तिने शिव्या दिल्या असतील अशी त्याला आशा वाटली. ती पुन्हा समोर आली तेव्हा तिच्या चेहऱ्यावर रागाचा मागमूस नव्हता.

"म्हंजे तुमाला ऐकू येत नाय," ती एकेक शब्द सुटा करून म्हणाली.

"नाय."

"मंग तिथं कोन नाय, हे तुमाला कसं कळलं?"

तीन वर्षांपूर्वी होडीत नारळ उचलून बसला असताना गोमाने स्वतःला हेच विचारलं होतं, आणि तेव्हाही त्याला उत्तर सापडलं नव्हतं.

वत्सलाने त्याच्या हातातून वल्हं घेतलं आणि दुसऱ्या वल्ह्याकडे बोट दाखवून ती होडीत जाऊन बसली. पाणी अजून थबकलेलं होतं. गोमाने उठून होडी ढकलली, दुसरं काय करणार. किनाऱ्यावर गोजराबाई हात हलवत होती, तिचं तोंड उघडत होतं, मिटत होतं.

कातळाच्या अलीकडे वत्सलाने हाताने थांब म्हणून खूण केली. वल्ह्याचं पातं पाण्यात सोडलं. दांड्याच्या टोकाला उजवा कान टेकला. हे तिला कुणी शिकवलं नव्हतं. तिने डोळे मिटले आणि ती हललीच नाही. गोमा तिच्या तोंडाकडे बघत होता. काही ऐकू येऊ नये, असं त्याने देवाला विनवलं. ती मान वर करील, तिच्या डोळ्यांत पाणी येईल, तिला कळेल, आणि मग ती उठून त्या सुताराबरोबर निघून जाईल. आणि त्याच वेळी, त्याच छातीत, ऐकू यावं असंही त्याला वाटत होतं. एकदा तरी. कुणाला तरी.

हळूहळू तिच्या कपाळावरची आठी सुटली. तिचे ओठ गोल झाले, शीळ घालायला होतात तसे, आणि गालाला खळी पडली.

"काय म्हनतो?" गोमाने विचारलं. आपण किती मोठ्याने ओरडलो ते त्याला कळलं नाही. "वत्सला, काय म्हनतो तो?"

ती सांगू लागली. दर्याकडे तोंड करून, वल्ह्याला कान तसाच लावून, ती सांगत राहिली. गोमाला तिचा हलणारा गाल दिसत होता, कानातलं डूल दिसत होतं. ओठ दिसत नव्हते. पाणी पुन्हा चढायला लागलं तरी तिचं सांगणं संपलं नव्हतं, आणि गोमाला त्यातला एक शब्दही ऐकू आला नाही.

कमलाकांत त्या दिवशी दुपारच्या उन्हातच निघून गेला. शिमग्याआधी त्याचा पाट दुसऱ्या गावी लागला, असं गोजराबाईने नंतर येऊन सांगितलं, आणि त्यानंतर ती नवापूरला फारशी आली नाही. वत्सलाच्या हातात बांगड्या राहिल्या. तिकडच्या घराला तिने पुढे माडीही बांधली, असं शेजारणी कुजबुजायच्या.

गोमा जगला तोवर दर अष्टमीला तिची होडी वल्हवत राहिला. ती ऐकायची आणि परतीच्या वाटेने सगळं सांगायची, नेहमी दर्याकडेच तोंड करून. इकडे वळून सांग, असं म्हणायची त्याची कधी छाती झाली नाही. तो वल्हं मारता मारता मान हलवायचा, ऐकू आल्यासारखी.